आमच्या हिला काही करावं लागत नाही

आमच्या बाबांचं एक लाडकं वाक्य होतं, "आमच्या हिला काही करावं लागत नाही." तमिळ मुलखातल्या आमच्या महाराष्ट्र मंडळात कोजागिरी असो की कुणाकडे बारसं, नवरेमंडळी जमली की प्रत्येक जण हे वाक्य टाकायचाच, आणि त्यात बाबांचा आवाज सगळ्यांत मोठा. आई त्या वेळी बहुधा आत साठ माणसांचे बटाटेवडे तळत असायची. लहानपणापासून ते वाक्य माझ्या डोक्यात जायचं. पण बाबा ते कोर्टात, शपथेवर म्हणतील असं मात्र कधी वाटलं नव्हतं.

आईला जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं. ती गेली दोन हजार तीनच्या पाणीटंचाईच्या उन्हाळ्यात. वेस्ट मांबलमच्या आमच्या गल्लीत दिवसभर पाण्याच्या लॉऱ्या धावायच्या. त्यांतलीच एक न बघता मागे आली आणि भाजी घेऊन परतणारी आई चाकाखाली गेली. लॉरीच्या विमा कंपनीनं भरपाई देऊ केली, ती इतकी किरकोळ, की मी फोनवरच भांडले. पलीकडचा माणूस शांतपणे म्हणाला, "मॅडम, त्या कमवत नव्हत्या ना." मी दावा ठोकला तो त्या माणसासाठी. पैशांचं मला काही नाही, असं खोटं कशाला सांगू? मला मोठा आकडा हवा होता, त्याला ठसका लागेल असा.

आमचे वकील राघोत्तमराव तंजावरचे मराठी. घराणं तिकडे तीनशे वर्षांपासूनचं, त्यामुळे त्यांचं मराठी आमच्यापेक्षा जुनं आणि वर तमिळची फोडणी. त्यांनी बाबांना बजावलं, "वसंतराव, दोनच गोष्टी शाबीत करायच्या. बाई घरांत काम करीत होती, आणि तुम्ही तिजवर अवलंबून होतां. सरी?"

"मी? अवलंबून?" बाबा भडकले. रेल्वेतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झालेला पेन्शनर माणूस! "अहो, मी तिला पोसलंय!"

"अय्यो, कोर्टांत हें नका बोलूं हो."

कोर्टातलं सगळं तमिळमध्ये चाललं होतं, मी आपलं मराठीत सांगते. विमा कंपनीचा वकील भलताच गोड होता. त्यानं बाबांना आधी रेल्वेबद्दल विचारलं, मग गावाबद्दल, आणि मग सहज म्हणाला, "तुमच्या मिसेसना घरात फार कष्ट पडत असतील, नाही?"

बाबांनी छाती फुगवली. "छे! राणीसारखी ठेवली होती. आमच्या हिला काही करावं लागत नव्हतं."

"आणि तुम्ही, सर? त्यांच्यावर अवलंबून होतात?"

"मुळीच नाही."

"थँक यू, सर."

टायपिस्टनं ते टिपून घेतलं. राघोत्तमरावांनी कपाळाला हात लावला. मी मागच्या बाकावर दातओठ खात बसले होते. उठून बाबांना गदागदा हलवावं असं वाटत होतं. लॉरीनं आईला एकदा चिरडलं, आणि आता नवऱ्यानं तिला कागदावरूनही पुसून टाकलं.

राघोत्तमराव फेरतपासणीला उठले. "तुमच्या मिसेस कधी आजारी पडल्या होत्या का?"

"एकदाच. टायफॉइड. ही माझी मुलगी ऊर्मी, शाळेत होती तेव्हा."

"मग घर कसं चाललं?"

"चाललं की!" बाबा अजून तोऱ्यातच होते. "सोलापूरहून माझी वहिनी राजसबाई आली, स्वयंपाकाला." त्यांनी एक बोट वर केलं. "धुण्याभांड्याला बाई लावली. खालच्या बिऱ्हाडातल्या मामी ऊर्मीची वेणी घालून तिला शाळेत सोडायच्या. रेशन, गॅस, बिलं, ते ऑफिसातला एक शिपाई बघायचा. आणि माझी आई अंथरुणाला खिळलेली, तिच्यासाठी आया."

एकेक बोट वर करता करता बाबांचा पंजा पुरा उघडला होता.

"तरी पोळ्या करपायच्या, आणि कुणाला काही म्हणून सापडायचं नाही," बाबा म्हणाले. "मग ही तापातून ओरडून सांगायची, डाळ कुठल्या डब्यात, आईंचं औषध कुठल्या फडताळात."

कोर्टात हशा पिकला. न्यायाधीशही हसले. "आणि तुम्ही काय करत होता?" त्यांनी विचारलं.

बाबा हसत नव्हते. ते स्वतःच्या पंजाकडे बघत होते. मग त्यांनी हात हळूच खाली घेतला.

"मी संध्याकाळी ऑफिसातून आलो, की तिच्या खाटेपाशी उभा राहायचो, साहेब. विचारायचो, कधी उठणार आहेस? आमचे हाल चाललेत. आणि ती उठली. अंगात ताप होता, तरी उठली."

माझा राग कुठच्या कुठे गेला. एवढ्या माणसांसमोर मी रडायला लागले, आणि मला त्याची लाजही वाटली नाही.

"साहेब, मघाशी मी अवलंबून नव्हतो म्हणालो," बाबा म्हणाले, "ते खोडा."

"दिलेली साक्ष खोडता येत नाही," न्यायाधीश हळुवारपणे म्हणाले. "पुढे लिहिता येतं."

"मग पुढे लिहा," बाबा म्हणाले. "होतो. अजून आहे."