सवत बर्फात गेली

मी एक जुनी बर्फकुऱ्हाड आहे. लाकडं फोडणारी कुऱ्हाड वेगळी, मी वेगळी. माझा दांडा माणसाच्या कमरेला लागतो. डोक्याला एका बाजूला चोच आहे, दुसऱ्या बाजूला सुताराच्या वाकसासारखं पसरट पातं आहे आणि पायाशी लोखंडी टोक. आमच्या हार्डांगरच्या खाडीकाठी खाली सफरचंदाच्या बागा आणि वर हिमनदी. बागेतल्या माणसांना माझा काही उपयोग नाही. पण वर जायचं तर माझ्यावाचून पाऊल टाकता येत नाही, असं निदान पूर्वी तरी म्हणत असत.

मित्रांनो, एक गोष्ट आधीच सांगून टाकते, म्हणजे नंतर तुम्ही मला नावं ठेवायला नकोत. मी मत्सरी आहे. थोडीथोडकी नाही, चांगली जळकुकडी आहे. माझी कहाणी ऐकलीत तर माझ्या जागी तुम्हीही तसेच झाला असता, हे तुम्हाला पटेल.

मला गावच्या लोहाराने घडवलं. दांड्यासाठी लाकूड तारल्डने स्वतः निवडलं आणि चांगलं सुकू दिलं. गावातून पाहुण्यांना हिमनदीवर नेणारा हा तारल्ड पहिला. हिमनदी वरून सपाट दिसते, पण खाली खोल भेगा असतात आणि त्यांच्यावर बर्फाचा नुसता पापुद्रा धरलेला असतो. म्हणून तारल्ड प्रत्येक पावलाआधी मला पुढे खुपसून बघायचा. मी अडले तर पाऊल टाकायचं. मी सुळकन आत गेले तर थांबायचं. मागची सगळी माणसं दोराने बांधलेली असत आणि माझ्याकडे डोळे लावून असत. संध्याकाळी खाली उतरल्यावर पाहुणे माझ्या डोक्यावर हात फिरवायचे. तारल्ड मला दर वसंतात आणि दर शरदात जवसाचं तेल पाजायचा. काय दिवस होते ते!

तारल्ड थकला आणि मी त्याच्या मुलाच्या, तोर्केलच्या हातात आले. तोर्केलचाही माझ्यावर जीव होता. मग त्याचं लग्न झालं. त्याची बायको गुरो पलीकडच्या किनाऱ्यावरच्या बागेतली, सफरचंदाची दारू, म्हणजे सायडर, करणाऱ्या घरातली. गुरोशी माझं काही वाकडं नव्हतं. बायको असायचीच. माझं वाकडं आलं ते तिच्याबरोबर आलेल्या पेटीशी.

ती पेटी गुरोच्या आजीची. पातळ लाकूड वाकवून केलेली, लांबट गोल, अंगभर लाल गुलाब रंगवलेले. झाकण लावलं की टक् असा आवाज यायचा आणि तो आवाज ऐकून लोक उगाच हसायचे. त्या आवाजात हसण्यासारखं काय होतं, हे मला अजूनही कळलेलं नाही. पहिल्या दिवशी ती टेबलावर, नक्षीच्या रुमालावर बसली आणि मी दारामागे. तेव्हाच मी ओळखलं की घरात सवत आली.

पुढे पाहुणे कमी होऊ लागले. तेव्हा एका सकाळी गुरो म्हणाली, "तोर्केल, नुसता बर्फ बघायला आता कोण येतंय? बर्फ फोटोतही दिसतो. त्यांना वर नेऊन आपली सायडर पाजू. बटाट्याची पातळ लेफ्सा-पोळी, मेंढीचं वाळवलेलं मटण, बकरीचं तपकिरी चीज. चालून चालून पोटात कावळे ओरडत असतात, दगड दिला तरी गोड लागेल."

"दगड तर वर फुकट आहेत," तोर्केल म्हणाला.

"मग तू दगड वाढ, मी मटण वाढते. बघू कुणाचं ताट रिकामं होतं."

ताट कुणाचं रिकामं झालं हे सांगायला नकोच. पुढच्या उन्हाळ्यात पाहुण्यांची रीघ लागली. हिमनदीच्या मधोमध एक काळा खडक वर आलेला आहे. तिथपर्यंत माणसांना मी सुखरूप न्यायची आणि तिथे पोचलं की माझं काम संपायचं. गुरो रुमाल अंथरायची, पेटी ठेवायची, टक् करून झाकण उघडायची. मग कौतुक असं उतू जायचं की विचारू नका. "ही आंबट सायडर मटणाबरोबर घ्या, ही गोडसर चीजबरोबर. आणि घटाघटा पिऊ नका हो, अजून खाली उतरायचंय!" असं ती सांगायची आणि सगळे लहान मुलांसारखे ऐकायचे. पेटीचे फोटो निघायचे. पेटीवरचे गुलाब कुणी रंगवले याची चौकशी व्हायची. माझं टोक कुणी घडवलं हे एकानेही विचारलं नाही. एकदा तर गुरोने मला बर्फात उभी रोवली आणि माझ्या चोचीवर हात पुसायचं फडकं वाळत घातलं. माझ्या चोचीवर फडकं! माझा नुसता तिळपापड झाला.

तरी तेवढ्यावर भागलं असतं. पण भरलेली पेटी जड, ती तोर्केल पाठीवर घ्यायचा. माझ्या माणसाच्या पाठीवर बसून ती ऐटीत वर यायची! आणि एक दिवस तो म्हणाला, "पाठीवर हे ओझं आणि हातात हा बांबू. जमत नाही बुवा." त्याने कमरेला अडकणारी, हलकी, आखूड कुऱ्हाड विकत आणली. मला त्याने घरात शेगडीच्या वर खिळ्याला टांगलं. शोभा म्हणून.

शेगडीवर ऊब छान असते असं तुम्हाला वाटेल. माणसांना छान असते. लाकडाचा मात्र जीव आटतो. कित्येक हिवाळे मी तिथे लटकले, तेलाचा एक थेंब नाही. खाली टेबलावर पेटीला मात्र मऊ कापडाने रोज पुसलं जायचं. माझा दांडा आतून तडतडायचा आणि मी मूग गिळून बघत राहायची. माझी एकच इच्छा उरली होती. एकदा, फक्त एकदा तोर्केलने मला परत वर न्यावं, आणि मी काय आहे ते सगळ्यांना दिसावं.

तो दिवस आला तो वेंकेबाईंमुळे. या बर्गनच्या मास्तरीणबाई दोन मैत्रिणींना घेऊन आल्या होत्या. "मला हातात कुऱ्हाड हवी हं," त्या म्हणाल्या. "फोटोत नुसती काठी काय कामाची?" तोर्केलने हसून नवी आखूड कुऱ्हाड त्यांना दिली आणि हात वर करून मला खिळ्यावरून काढलं. मित्रांनो, मला किती आनंद झाला म्हणून सांगू! त्यातून तोर्केलची पाठ धरली होती, म्हणून पेटी गुरोच्या पाठीवर होती. म्हणजे तोर्केल पूर्ण माझा.

दोराला पुढे तोर्केल, मध्ये तिघी आणि शेवटी गुरो. काळा खडक जवळ आला तसं वेंकेबाई ओरडल्या, "खडकावर नको ना! ती पांढरी सपाट जागा बघा, काय ऊन पडलंय तिथे! लाल गुलाब त्या पांढऱ्यावर किती खुलतील!"

तोर्केलने मला त्या बाजूला खुपसलं. मी सुळकन गेले, पार डोक्यापर्यंत. खाली पोकळ होतं. "इथे नाही," तो म्हणाला. "खडकावरच बसायचं."

पण गुरोचं लक्ष पेटीच्या फोटोकडे होतं. "अरे, अगदी कडेला तर मांडते," असं म्हणत ती ओळ सोडून बाजूला सरकली. दोन पावलं टाकली असतील नसतील, बर्फ खचला आणि ती पेटीसकट दिसेनाशी झाली.

दोर ताणला. तिघीजणी ओढल्या जाऊन बसकण मारून पडल्या. "टाचा रोवा! उठू नका!" तोर्केल ओरडला. धावत येऊन त्याने माझ्याच पात्याने बर्फात आडवा खड्डा खणला, मला त्यात निजवलं, माझ्या कमरेला दोर बांधला आणि वर बर्फ तुडवला. वेंकेबाईंच्या हातातली ती आखूड बया तिथे कामाची नव्हती, मऊ बर्फात तिचा एवढासा दांडा टिकला नसता. मग सगळा भार माझ्यावर आला. आणि मी तो धरला.

भेगेतून गुरोचा आवाज आला. "तोर्केल! मी ठीक आहे. एकही बाटली फुटली नाही!"

"बाटल्या घाल चुलीत! पेटी सोड, ओझं कमी कर!"

"वेडा आहेस का? आजीची आहे!"

ते ओढू लागले. कडेच्या बर्फात दोर घासत होता, त्यामुळे प्रत्येक हिसक्याला वजन दुप्पट वाटायचं. आणि मग माझ्या मधोमध, जिथे शेगडीची धग सगळ्यात जास्त लागायची तिथे, मला उभी चीर गेली. तोर्केलने तो आवाज ऐकला.

"गुरो," या वेळी तो हळू बोलला, "दांडा तडकतोय. पेटी सोड गं. पाया पडतो तुझ्या."

मग एक पट्टा सुटल्याचा आवाज आला, आणि खूप खालून टक्. माझा भार एकदम हलका झाला. तशाच चिरलेल्या अंगाने मी गुरोला वर येईपर्यंत धरून ठेवलं. ती वर आली, तोर्केलच्या गळ्यात पडून रडली. आणि मी? खोटं कशाला सांगू. मनातल्या मनात मी नाचत होते. सवत बर्फात गेली होती.

वाटलं होतं, आता तरी माझं कौतुक होईल. घरी आल्यावर गुरोने टेबलावरच्या रिकाम्या रुमालाकडे पाहिलं आणि म्हणाली, "तुझ्या त्या काठीला वर्षाकाठी दोन बोटं तेल लावलं असतंस, तर माझ्या आजीची पेटी आज इथे असती."

"मी सांगितलेल्या जागी तू थांबली असतीस, तर दोरच ताणला नसता."

"ते मला मान्य आहे. मीच चुकले. पण काठी कुणाची होती?"

माझ्या बाजूने त्या घरात कुणी बोललं ते एवढंच, आणि तेही पेटीच्या मायेपोटी.

पण खरं बोलली ती. हे मला आवडत नाही, तरी सांगायला हवं. दांडा तेल प्यालेला असता तर मी दोघींनाही वर आणलं असतं. म्हणून मित्रांनो, तुमच्या घरात कामाची वस्तू असेल तर तिला शोभेला टांगू नका. टांगलीच, तर अधूनमधून तिची विचारपूस करा. वेळ आली की ती धरायला जाईलच, पण मग तिला किती धरता येईल ते तुमच्या हातात असतं.

आता ऐका, माझी कशी गत झाली ती. पेटीची गोष्ट खाडीच्या दोन्ही काठांवर पसरली. आता पाहुणे बर्फासाठी येत नाहीत, सायडरसाठीही येत नाहीत. "ती पेटी कुठे पडली?" हेच विचारत येतात. समोर होती तेव्हा तिच्याकडे बघून निदान जळता तरी यायचं. आता दिसतच नाही, तर तिच्याशी लढणार कशी? तोर्केलने माझ्या चिरेवर तार गुंडाळली आहे आणि तो मला रोज वर नेतो. माझी इच्छा पुरी झाली म्हणायची. पण मला बर्फात खुपसत नाही, माझ्यावर भार टाकत नाही. खडकावर उभा राहून मला हातभर पुढे करतो आणि दाखवतो, "तिथे. तिथे खाली आहे ती." पाहुणे माझ्या टोकाच्या पलीकडे बघतात. टोकाकडे कुणीच बघत नाही.

तो त्यांना असंही सांगतो की हिमनदी खाली सरकत असते, आणि कधीतरी, आम्ही कुणी नसू तेव्हा, पेटी खालच्या तोंडाशी बाहेर येईल. तेव्हा तिचे गुलाब गेलेले असतील. मला बघायचंच आहे ते. आणि आणखी एक आहे. त्या दिवशी माझ्यावर किती वजन होतं, ते माझ्याखेरीज फक्त तिला माहीत आहे. दोराच्या दुसऱ्या टोकाला, गुरोच्या पाठीवर, तीच होती.

म्हणून माझी एक विनंती. ती बाहेर आली की मला तिच्याकडे न्या. आम्हा दोघींना एका फळीवर ठेवलंत तरी चालेल, मी काही म्हणणार नाही. पण तिला रुमालावर आणि मला दारामागे ठेवाल, तर खबरदार.