सहा-वीसच्या गाडीआधी कण्या

आमच्या नातवाचं, निरंजनचं, जावळ काढलं ते साल २०२३. जावळाला दोनशे पान उठलं, आणि तो सगळा स्वयंपाक माझ्या बायकोनं, रंभानं, उभं राहून करवून घेतला. त्यानंतर पंधरा दिवसांत ती मोरीत पडली. डावं अंग गेलं. उजवा हात राहिला, बोलणं राहिलं, आणि जिभेची धार उलट वाढली.

आमचं घर कासार आंबोलीत. मुलगा किशोर पहाटे चारला दूध घेऊन बावधनच्या सोसायट्यांत जातो. सून रेश्मा उरवड्याच्या एका कंपनीत पॅकिंगला. तिची गाडी फाट्यावर सहा-वीसला येते आणि कुणासाठी थांबत नाही. नात दिशा सातला शाळेत. निरंजन तेव्हा दीड वर्षाचा. इतकी वर्षं या सगळ्यांच्या पोटात सकाळी जे काही जायचं ते रंभाच्या हातचं. ती पडली आणि पहिल्याच आठवड्यात रेश्माची गाडी दोनदा चुकली. महिन्यात तिसऱ्यांदा चुकली असती तर नाव कटलं असतं. सहा वर्षं ती कंत्राटावर होती आणि दिवाळीला पर्मनंट करणार होते.

माझा चुलत भाऊ अण्णासाहेब समाचाराला आला. गावात चार माणसं त्याचं ऐकतात, म्हणून तो सगळ्यांनाच सांगत असतो. चहा पिऊन झाल्यावर म्हणाला, "दादा, सून घरात बसव आता. म्हातारी अंथरुणात, पोरं लहान. बाईमाणूस कंपनीत आन् घर उपाशी, शोभतं व्हय?"

रेश्मा दारात उभी होती. तिनं मान खाली घातली. गळ्यातलं कंपनीचं ओळखपत्र तिनं मुठीत धरलेलं मला दिसलं.

मी काही बोलायच्या आत अंथरुणातनं आवाज आला. "भावजी, मी पडले म्हणून ती बसली, असं व्हायचं न्हाई. माझ्यापायी कुणी घरात बसायचं न्हाई."

"मग रांधायचं कुणी, वैनी?"

"मी रांधतो," मी म्हणालो.

अण्णासाहेब इतका हसला की बशी हिंदकळली. "आपल्या सात पिढ्यांत गड्यानं पळी धरली न्हाई, दादा!"

"आठवीत धरली म्हणून लिही."

बोलून गेलो खरं, पण मला चहाशिवाय काही येत नव्हतं. भाकरी थापायला बसलो तर तिचा नकाशा झाला. दिशा म्हणाली, "आजा, हा कुठला जिल्हा?" पहाटे साडेतीनला उठून बघितलं. दोन दिवसांत गुडघे धरले, आणि तिसऱ्या दिवशी रेश्मा निम्मी भाकरी हातात घेऊन फाट्यापर्यंत पळाली.

आमच्या वरच्या खोलीत स्वरदा भाड्यानं राहते. पोरगी लातूरकडची, बावधनला कॉम्प्युटरच्या ऑफिसात. तिनं एक विजेचं भांडं खाली आणून दिलं. आत जड चिनी मातीचं पातेलं, वर काचेचं झाकण. "आजोबा, रात्री लावायचं, सकाळी तयार. मंद आचेवर सात-आठ तास शिजतं. मला भेट आलंय, मी एकदाच वापरलं."

"ढवळायचं कुणी?"

"कुणीच नाही."

रंभानं ते भांडं खाटेवर मागवलं, बोटानं वाजवून बघितलं आणि म्हणाली, "माणसापरीस बरं हाय. गपचूप काम करतंय."

त्यात काय करायचं हे तिनंच ठरवलं. आमच्याकडं इंद्रायणी तांदूळ गिरणीतनं आला की कणी निघते. त्या कणीच्या कण्या करायच्या, म्हणजे पातळ, मऊ, पोराला आणि म्हाताऱ्याला एकच. ती सांगत गेली आणि मी दिशाच्या जुन्या वहीत लिहीत गेलो. लिहायला मी लॉकडाऊनमध्ये शिकलो. दिशाची पहिली मोबाईलवर होती, तिच्याशेजारी बसून बाराखडी गिरवली. तेव्हा माझं वय पासष्ट. वहीत अजून आहे: कणी एक वाटी. मूगडाळ मूठभर. धुऊन घेणे. जिरं, लसूण चार पाकळ्या ठेचून. पाणी दोन वाट्या.

पाणी मी माझ्या मनानं लिहिलं होतं. भाताला दोन लागतं म्हणून. सकाळी झाकण काढलं तर कडेला खरपूड आणि मधे विटेसारखा गोळा. रंभानं एक घास खाल्ला. "ह्यानं पडवीचं भोक बुजवा," म्हणाली. मी दोन खोडून सात केले.

सात वाट्यांनी जमलं. पण पुढच्याच आठवड्यात रात्री लाईट गेली. आमच्याकडं ती जाते, त्यात नवल नाही. सकाळी कणी भिजलेल्या हरभऱ्यासारखी टच्च. ही बातमी अण्णासाहेबापर्यंत कशी गेली कुणास ठाऊक. देवळापाशी चारचौघांत माझ्या नथू नावाला बाई जोडून म्हणाला, "काय नथूबाई, आज काय बेत?"

"ये की खायला. तुझी बायको उठायच्या आत तयार असतंय माझं."

लोक हसले, पण त्याच्यावर का माझ्यावर, ते कळलं नाही. मला त्याची फिकीरही नव्हती. तेव्हापासून मी गॅसवर पाण्याला खळखळ उकळी आणून मगच भांड्यात ओतू लागलो, आणि लाईट गेली की वरनं गोधडी टाकायची. मग तीन-चार तास वीज नसली तरी कण्या शिजायच्या. हे स्वरदालाही माहीत नव्हतं.

एकच काम रंभानं माझ्याकडं दिलं नाही. मीठ. रोज जेवणं झाली की मी पातेलं तिच्या खाटेपाशी न्यायचो. ती उजव्या हाताच्या तीन बोटांत मीठ धरायची, पाण्याकडं बघायची आणि टाकायची. मी म्हणायचो, अगं, चमचा सांग, लिहून ठेवतो. ती म्हणायची, "सगळंच लिहून घेतल्यावर मला काय काम?"

पाचला झाकण काढायचं. वाफ, लसणाचा वास. रेश्मा पाच मिनिटांत वाटीभर खायची, डबा भरून घ्यायची. वरून ताक, लसणाची चटणी. दिशाला तूप लागायचं. निरंजन भुईवर बसून स्वतःच्या हातानं खायचा, निम्मं पोटात, निम्मं डोक्याला. त्या दिवाळीला रेश्मा पर्मनंट झाली. पेढे घेऊन आली ते आधी सासूपुढं ठेवले. सासू म्हणाली, "ह्यांना दे. ह्यांची पण नोकरी पक्की झाली."

असं दीड वर्ष चाललं.

त्या मंगळवारी पाचला मी उठलो. भांड्याचा लाल दिवा चालू होता. तिला हाक मारली. मग हात लावला.

रेश्माला उठवलं, किशोरला फोन केला. तो बावधनहून दुधाची किटली तशीच टाकून आला. सहा-वीसची गाडी फाट्यावर वाजली आणि गेली. उजाडल्यावर भावकी जमली. रंभाला पडवीत ठेवलं होतं. तिच्या माहेरची माणसं यायची होती, म्हणून उचलायला बारा वाजणार होते.

अण्णासाहेब सगळ्यांना कामं सांगत होता. तो पाणी प्यायला आत आला आणि वासानं थांबला.

"दादा, हे काय शिजतंय?"

"कण्या."

"मयत दारात, आन् घरात रांधलेलं? वढ्याला टाक ते. मयताच्या घरात चूल पेटत न्हाई. पिठलं-भाकरी आमच्या घरनं येईल, मागनं. पोरांना आमच्याकडं धाड." मग पडवीतल्या बायकांना ऐकू जाईल असा बोलला, "आन् रेश्मा, आता कंपनीला राजीनामा दे. ज्या बाईच्या जिवावर जात हुतीस, ती गेली."

रेश्मा सासूच्या पायाशी बसली होती. तिनं माझ्याकडं बघितलं. रडून डोळे सुजले होते, पण ती नजर रडण्याची नव्हती. विचारत होती.

मी पातेलं दोन्ही हातांनी उचललं. जड असतं ते, आणि त्या दिवशी जास्तच होतं. पडवीत नेऊन सगळ्यांसमोर ठेवलं.

"चूल बघ माझी," मी अण्णासाहेबाला म्हणालो. "हात लावून बघ. गार हाय. हे काल रातीचं हाय, ती जिती असतानाचं. आन् ह्यात मीठ तिनं टाकलंय, स्वतःच्या हातानं. तिच्या हातचं मीठ तू वढ्याला टाकणार?"

"रीत हाय, दादा..."

"तुझी आई गेली तवा तू सहा वर्षांचा. माझी बायको नवी नवरी हुती. तुला कडंवर घेऊन कुणी भरवलं? तवा तुला रीत आठवली न्हाई."

निरंजन उठून आला होता. आजीला सगळे असे का बघतायत ते त्याला कळत नव्हतं. पातेलं मात्र त्याला कळलं. तो त्याची वाटी घेऊन आला आणि माझ्यापुढं धरली.

मी वाढलं. त्याला, दिशाला. रेश्मा म्हणाली, "मामा, मला नगं, घास उतरायचा न्हाई." मी म्हणालो, "एक घास खा. ती रोज इचारायची, खाल्लं का पोरीनं. आज मी काय सांगू?" तिनं खाल्ला.

मग बायकांतनं शारदा उठली. अण्णासाहेबाची बायको. तीस वर्षांत ती नवऱ्यापुढं मोठ्यानं बोललेली मी ऐकली नव्हती. पदर खोचून आली आणि खाली बसली. "भावजी, मला वाढा. माझ्या जावंच्या हातचं हाय. मी खाणार."

"शारदे," अण्णासाहेब म्हणाला.

"तुमी पिठल्याचं बघा."

तिच्यामागं आणखी दोघी बसल्या. अण्णासाहेब बाहेर गेला आणि बारा वाजेपर्यंत लाकडांपाशी उभा राहिला. त्यानं खाल्लं नाही. त्याला कुणी आग्रहही केला नाही. पातेलं रिकामं झालं ते मी स्वतः घासलं.

तेराव्यापर्यंत रेश्मानं कंपनीत रजा सांगितली होती. तेराव्याच्या संध्याकाळी भावकी बसलेली असताना अण्णासाहेबानं पुन्हा राजीनाम्याचा विषय काढला. मी उठलो, सगळ्यांदेखत कणी धुतली, पाणी उकळलं, सात वाट्या ओतलं. मीठ तीन बोटांत धरलं आणि पाण्याकडं बघितलं. किती टाकायचं ते कळेना. टाकलं.

सकाळी खारट झालं होतं. रेश्मानं ताक घालून खाल्लं, डबा भरला आणि सहा-वीसची गाडी धरली. अजून धरते. मीठ आता बरोबर पडतं. पण चमच्याचं माप वहीत मी लिहिलेलं नाही, आणि लिहिणार नाही.

रंभाबाई, माझी बायको, मंगळवार दिनांक १० डिसेंबर २०२४ रोजी पहाटे, पाच वाजायच्या आत, आमच्या राहत्या घरी वारली.