हिलेलची गाणी

राफाएल पेणकर आणि हिलेल नवगावकर हे दोघेही मुंबईचे बेने इस्राएल, म्हणजे मराठी बोलणारे ज्यू, माझगावच्या एकाच गल्लीत वाढलेले. राफाएल आधी बर्मिंगहॅमला आला आणि मोटारीचे भाग बनवणाऱ्या कारखान्यात लेथवर लागला. त्रेसष्ट साली हिलेल आला तो त्याच्याच खोलीत उतरला. तिथे राफाएलनं त्याला गिटार शिकवली.

शहरातल्या पोरांना तेव्हा अमेरिकेतल्या काळ्या गायकांच्या सोल म्युझिकचं वेड लागलं होतं. जमैकाहून आलेला एक बस कंडक्टर असा गायचा की ऐकणाऱ्याचा पाय निघू नये. त्याला घेऊन या दोघांनी बँड काढला. राफाएल पुढे उभा राहून वाजवायचा, हिलेल मागून साथ द्यायचा. राफाएलची बोटं तारांवरून पाण्यासारखी वाहायची. हिलेलची सारखी अडखळायची, आणि राफाएलचं त्याच्यावर मनापासून प्रेम होतं. जो आपल्यापेक्षा कमी आहे त्याच्यावर प्रेम करणं सोपं असतं.

मग हिलेल स्वतः लिहिलेलं एक गाणं घेऊन आला. पबमध्ये ते पहिल्यांदा वाजलं तेव्हा लोकांनी हातातले ग्लास खाली ठेवले. संपल्यावर एक बाई थेट स्टेजपाशी आली. राफाएल हसून पुढे झाला, तर ती म्हणाली, "हे लिहिलं कुणी?"

त्या दिवसापासून राफाएलच्या आत काहीतरी कुरतडायला लागलं. त्यानंही गाणी लिहून पाहिली. चाल सुचायची, शब्द सुचायचे नाहीत; सुचले तर ते हिलेलचे वाटायचे. मग तो रिहर्सलमध्ये हिलेलच्या चुका काढू लागला. एकदा तर सगळ्यांसमोर म्हणाला, "तू घरी जा. तुझ्यामुळे आमचा वेळ जातोय." हिलेलनं त्या रात्री गिटार पिशवीत घातली आणि निमूट निघून गेला.

पुढे लंडनच्या एका रेकॉर्ड कंपनीनं बँडला बोलावलं. त्यांना हिलेलचं नवं गाणं हवं होतं, बस स्टॉपवर उभ्या असलेल्या एका मुलीचं. तोवर राफाएलचं मझलशी लग्न झालं होतं. ती इथल्याच हॉस्पिटलमध्ये नर्स होती.

"फोरमन रजा देत नाही," त्यानं तिला सांगितलं.

"तुम्ही मागितली तरी का?" मझलनं विचारलं.

बँड त्याच्याशिवाय लंडनला गेला आणि परत आलाच नाही.

वर्षभरात ते गाणं सगळीकडे वाजू लागलं. कारखान्याच्या कँटीनमध्ये लागलं की राफाएल चहा अर्धा टाकून उठायचा. गिटार कुणी दुसराच वाजवत होता, आणि बरी वाजवत होता, हे तर जास्तच लागायचं. घरी मझल कपड्यांना इस्त्री करताना तेच गुणगुणायची. "दुसरं काही येत नाही का तुला?" तो खेकसायचा. ती गप्प व्हायची आणि थोड्या वेळानं नकळत पुन्हा सुरू करायची.

त्र्याहत्तर साली त्यांनी घर घेतलं आणि एलियाहू हन्नबी या प्रेषिताच्या नावानं मलिद्याचा विधी केला. गुळखोबरं घातलेले पोहे, वर फळं, असं मोठं ताट मांडून प्रार्थना झाली. मझलनं राफाएलला न विचारता हिलेललाही बोलावलं होतं. तो लंडनहून आला, अंगात मखमली कोट, केस मानेवर रुळलेले. पाहुण्यांनी यजमानाला सोडून त्याच्याभोवती गराडा घातला. राफाएल सफरचंदं चिरत एका बाजूला उभा होता.

"ती स्टॉपवरची मुलगी कोण हो?" पाहुण्यांतल्या फ्लोरामावशींनी हिलेलला विचारलं.

हिलेलनं क्षणभर मझलकडे पाहिलं. "होती एक," तो म्हणाला. "दुसऱ्याचीच वाट बघत होती."

राफाएलच्या हातातली सुरी थांबली. मझल स्वयंपाकघरात गेली तसा तो तिच्या मागोमाग गेला आणि दार लोटून घेतलं.

"ती तूच ना?"

"हो, मीच." मझलनं भांडं खाली ठेवलं. "एवढी वर्षं रेडिओवर ऐकताय, शब्द एकदा तरी ऐकलेत? मी कुणाची वाट बघतेय त्यात? ड्यूटी संपल्यावर न्यायला येतो म्हणाला होतात. बर्फ पडत होता. बसेस येत होत्या, जात होत्या, मी चढत नव्हते. हिलेल तिथून जात होता. म्हणाला, रिहर्सल चालू आहे, राफा इतक्यात येणार नाही. आणि पुढच्या बसमध्ये मी चढेपर्यंत उभा राहिला. बस्स, एवढंच."

राफाएलनं खरोखरच शब्द ऐकले नव्हते. तो नेहमी फक्त गिटार ऐकायचा. त्याला हायसं वाटायला हवं होतं, पण झालं उलटंच. आपली बायको बर्फात कशी दिसत होती हे अख्ख्या इंग्लंडला माहीत होतं, हिलेलला सगळ्यांत आधी, आणि राफाएलला एकट्यालाच नव्हतं. आणि ‘तू घरी जा’ म्हणून हिलेलला त्या रस्त्यावर धाडलं होतं त्यानंच.

पाहुणे गेले. हिलेल कोट चढवत होता, मझल ताटं गोळा करत होती.

"माझ्या बायकोवर गाणं लिहिलंस," राफाएल म्हणाला.

"लिहिलं. तेव्हा ती तुझी बायको नव्हती." हिलेलची नजर खाली गेली नाही. "पण तिला तूच हवा होतास. ते मी तिथे उभा राहून बघितलंय."

"बाकीची गाणीही तिच्यावरच का?"

"नाही. एक तुझ्यावर आहे."

"कुठलं?"

"ते चाललं नाही," हिलेल म्हणाला.

मझल आधी हसली. मग हिलेल. राफाएलला मात्र हसू आलं नाही. जिच्यावर लिहिलं तिचं गाणं देशभर आणि आपलं धुळीत, हाही त्याला अपमानच वाटला. पण तो आत जाऊन गिटार घेऊन आला. "म्हण," एवढंच म्हणाला.

हिलेल सोफ्याच्या कडेवर बसून गायला लागला. एक दोस्त असतो, त्याच्या हातांना सगळं येतं. हाक मारली तरी तो मान वर करून बघत नाही. राफाएल साथ देत होता. दुसऱ्या कडव्यापर्यंत त्याची बोटं ठीक चालली, मग चुकली. जन्मात पहिल्यांदा तो वाजवता वाजवता शब्द ऐकत होता.

"पुन्हा," तो म्हणाला.

दुसऱ्या वर्षी त्यानं कारखान्यातून रजा मागितली, ती मिळाली, आणि त्यानं लंडनला जाऊन ते गाणं हिलेलबरोबर नव्यानं रेकॉर्ड केलं. ती रेकॉर्डही फारशी खपली नाही. तरी एका मासिकानं गिटारबद्दल चार चांगले शब्द छापले. हिलेलनं लगेच फोन करून ते वाचून दाखवले, आणि त्याच्या आवाजातला एवढासा हेवा ऐकून राफाएलला कित्येक वर्षांनी त्याच्याबद्दल माया वाटली.