पिवळ्या दिव्याखालची टाकी

“काका, ही पिल्लं कुणाची?”

दोन वर्षं लांबच्या विद्यापीठात काढून मॅडम परतल्या होत्या. सामान प्रयोगशाळेच्या दारातच टाकून त्यांनी टाकीच्या काचेला नाक लावलं होतं.

“आपलीच की! करडी दिसतायत, पण अजून रंग चढायचाय त्यांना.”

“रंग? अहो, अंडी घालतायत ती.”

काकांचं पुसायचं फडकं काचेवरच थांबलं. माशांना खाऊ घालण्यात आणि काचा पुसण्यात त्यांची उमर गेली होती.

त्याआधी, तळं. हजारो वर्षांपूर्वी ते नवं होतं तेव्हा एकाच जातीचा मासा आत शिरला. सगळं रान मोकळं, अडवायला कुणी नाही. कुणी दगडावरचं शेवाळ खरवडू लागला, कुणी गोगलगायी फोडू लागला, कुणी खोल अंधारात उतरला. वेगळा धंदा, वेगळं बिऱ्हाड, असं करत सख्खी भावंडं पार परकी झाली. वर निळे, खाली लाल. मादी रंग बघूनच नवरा निवडायची, म्हणून सरमिसळ नव्हती. मग शहराचं सांडपाणी आलं. गढुळात रंग दिसेनात. आता तळ्यात एकच करडी जात. अस्सल लाल आणि निळे उरले ते या खोलीतल्या दोन टाक्यांत.

मॅडम तिकडे असताना त्यातली निळ्यांची टाकी तडकली.

काकांनी निळे लालांत सोडले. पिढ्यान्‌पिढ्या एका तळ्यात शेजारी राहिले, इथं काय धाड भरणार? विचार चुकीचा नव्हता. फक्त त्याच सुमारास टाकीवरची पांढरी ट्यूब उडाली होती, आणि भांडारातून मिळाला पिवळा दिवा. पिवळ्या उजेडात निळा निळा दिसत नाही.

“मला कळवायचं तरी, काका!”

“म्हटलं, एवढ्याशा दिव्यापायी तुमच्या डोक्याला कशाला ताप.”

मॅडम हसल्या. त्या ओरडल्या असत्या तर काकांना बरं वाटलं असतं.

“जुन्यातलं कोण आहे?”

“एक निळा नर. म्हातारा. बाकीचे वयानं गेले.”

“मादी?”

काकांनी नकारार्थी मान हलवली. मग घाईघाईनं म्हणाले, “मी तळ्यावर जातो ना! जाळं टाकतो, आणतो दुसरी.”

“काय आणाल? तिथंही हेच आहेत.”

मॅडम गेल्यावर काकांनी म्हाताऱ्याला खिडकीजवळच्या काचेच्या मोठ्या बरणीत हलवलं. दिवसाच्या उजेडात तो एकदम निळाशार झाला. पंख फुलवून, अंग थरथरवत, मादीला रिझवावं तसा काचेशी गिरक्या घेऊ लागला. काचेपलीकडे काकांचा हात होता, दुसरं कुणी नव्हतं.

हात अवघडला, तरी काकांनी तो काढला नाही.