डॉक्टरांच्या गाडीची शिट्टी

त्या गॅरेजात एक रीत होती. गाडी आत आली की तिला कुणी हात लावायचा नाही. आधी दादा यायचा, भिंतीवरच्या खिळ्याला टांगलेली लाकडी मुठीची लांब सळई काढायचा, तिचं टोक चालू इंजिनाला टेकवायचा, मूठ कानाला लावायचा आणि डोळे मिटायचा. गाडीचा मालक बाजूला अवघडून उभा. मग दादा डोळे उघडायचा, खिशातला खडू काढायचा आणि पुढच्या काचेवर एकच शब्द लिहायचा. बेअरिंग. पंप. क्लच. त्यापुढे बोलणं खुंटलं. तो शब्द पुसायचा हक्कसुद्धा दादाचाच होता, आणि तो काम झाल्यावर.

पलीकडच्या रस्त्यावर दातांचा दवाखाना चालवणाऱ्या डॉक्टरांनी त्याचं नाव कानसेन ठेवलं होतं. दादा वरवर ‘काहीतरीच काय’ म्हणायचा, पण कुणी त्या नावाने हाक मारली की त्याची छाती शर्टाची बटणं ताणायची. माणूस वाईट नव्हता. फक्त आपल्या कानावर त्याचं जरा जास्तच प्रेम होतं.

ऐकायचं दादाने आणि करायचं धाकट्या भावाने, अशी दोघांची वाटणी वडील गेल्यापासून ठरलेली. धाकट्याचा हात फार स्वच्छ. आवळलेल्या प्रत्येक बोल्टवर तो पांढऱ्या रंगाचा ठिपका द्यायचा, म्हणजे एकही सुटायला नको. त्याला खोड एकच होती, निदान दादाच्या मते. तो ओरडून बोलायचा. पाना मागायचा तरी असा की समोरचा पानवाला वळून बघायचा. दिवसातून दहा वेळा दादा त्याला म्हणायचा, “ओरडू नकोस रे, बहिरा नाहीये मी.”

तर एके दिवशी डॉक्टरांची टर्बोची गाडी आली. मागून निळा धूर, आणि तेल कुठे जातंय कळत नाही. दादाने सळई लावली, डोळे मिटले आणि काचेवर लिहिलं : टर्बो.

धाकटा तिथेच घुटमळला. “दादा, शिट्टी येतेय बघ बारीक. आधी ऑइल सेपरेटर बघू या का?”

“कसली शिट्टी?”

“बारीक आहे. उभ्या गाडीत येतेय.”

“अरे, कान मला आहेत का तुला?” दादा म्हणाला. डॉक्टर हसले. दादाही हसला. धाकटा हसला नाही, पण पाने उचलून कामाला लागला.

इंजिनात जोराने हवा कोंबणारा तो जुना टर्बो निघाला, नवा बसला. गाडी गेली आणि चार दिवसांत पुन्हा दारात उभी राहिली. तोच निळा धूर. डॉक्टर वैतागले होते, आणि त्यांचं वैतागणं रास्तच होतं.  आपला शब्द चुकला असेल हा विचार त्याच्या डोक्यात आलाही असेल, पण त्याआधी तोंड उघडलं होतं.

“बसवताना सील दुखावलं असणार,” तो म्हणाला. “बसवायला मी नव्हतो ना. हा होता.”

सगळं खापर असं एका वाक्यात फुटलं. धाकटा तीन हातांच्या अंतरावर उभा होता. त्याने दादाकडे पाहिलं. हात पुसले, गॅरेजची किल्ली बाकावर ठेवली आणि निघून गेला. दादाला त्या गप्प राहण्याचा रागच आला. चूक नसती तर बोलला नसता का, असं तो स्वतःला समजावत राहिला.

दुसऱ्या दिवशी दादाने धाकट्याचं काम स्वतः उघडून पाहिलं. प्रत्येक बोल्टवर ठिपका. सील जसंच्या तसं, तेलाचा एक ओघळही नाही. त्या दिवशीच डॉक्टरांना फोन करता आला असता. त्याने केला नाही. आणखी एकदा ऐकून बघू, म्हणायचा, आणि सळई लावून इंजिनाशी उभा राहायचा. ऐकू येईल तर शपथ.

इकडे डॉक्टरांचं तोंड चालूच होतं. त्यांच्या खुर्चीत आ वासून बसलेल्या माणसाला ऐकण्यावाचून गत्यंतर नसतं. कानसेनच्या धाकट्या भावाने नव्या टर्बोची कशी वाट लावली, ही गोष्ट अर्ध्या गावाच्या दाढा भरता भरता सगळीकडे पोचली.

एका दुपारी दादाची बायको त्याचा विसरलेला चष्मा घेऊन गॅरेजात आली. इंजिन चालू होतं. दारातच तिने तोंड वेडंवाकडं केलं आणि एका कानात बोट घातलं.

“अहो, बंद करा ती शिट्टी. दात आंबले माझे.”

“कसली शिट्टी?”

तिने बोट काढलं. तिच्या चेहऱ्यावर काहीतरी झरकन येऊन गेलं. भलतंच बोलून गेलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर येतं तसं. “काही नाही,” ती म्हणाली. “रस्त्यावर कुणीतरी वाजवली असेल. हा घ्या चष्मा.”

दादाने चष्मा घेतला नाही. चाळिशी लागली तेव्हा हा माणूस निमूटपणे जाऊन चष्मा करून आला होता, हसत हसत. आता मात्र त्याला हसू आलं नाही. “शिट्टी आहे,” तो म्हणाला. “गाडीतून येतेय. हो की नाही?”

बायकोने मान हलवली.

“ये इकडे. कुठून येतेय ते सांग.”

तिने पदर खोचला आणि ती इंजिनावर वाकली. तो एकेका जागी हात ठेवायचा आणि ती सांगायची. इथे? नाही. इथे? थोडी. इथे? “हां, इथे मोठी आहे, अगदी इथेच.” त्याचा हात इंजिनाच्या मागच्या अंगाला, हवेच्या नळ्यांखाली दडलेल्या एका काळ्या प्लॅस्टिकच्या डबीवर होता. ऑइल सेपरेटर. धाकट्याने पहिल्या दिवशी नाव घेतलं होतं तोच.

दादाने तेल मोजायची पट्टी वर ओढली.

“थांबली!” बायको म्हणाली.

पट्टी पुन्हा खाली. “आली परत.”

मग त्याने तेलाचं झाकण उघडायला घेतलं. झाकण सुटेना, आतून कुणी धरून ठेवल्यासारखं. दोन्ही हातांनी पिळून काढलं आणि तोंडावर एक पातळ हातमोजा पसरला. मोजा फटकन आत ओढला गेला. आता सांगायला कान लागत नव्हते. इंजिनाच्या पोटात तेलकट वाफ साठते. तिच्यातलं तेल वेगळं करून खाली सोडायचं आणि उरलेली वाफ बेताबेताने जाळायला पाठवायची, एवढंच त्या डबीचं काम. तिच्यातला रबरी पडदा फाटला की बाहेरची हवा शिट्टी घालत आत शिरते आणि इंजिन स्वतःच्याच पोटातलं तेल ओढून जाळत बसतं. म्हणून निळा धूर. टर्बोचा यात काही संबंध नव्हता.

बाकाखाली भंगारात टाकलेला जुना टर्बो त्याने बाहेर काढला. पाती बोटाने फिरवली, दांडा हलवून पाहिला. कुठेही ढिला नाही. चांगला धडधाकट टर्बो. तो काढताना हे पाहायला चहा प्यायला लागतो त्याच्याहून कमी वेळ लागला असता, पण कानसेनने निकाल दिल्यावर बघायचं कुणी?

तो टर्बो मांडीवर घेऊन पायरीवर बसला. “कधीपासून माहीत आहे तुला?”

बायको शेजारी बसली. “घरची बेल बदलली ना, तेव्हापासून. ती मोठ्या आवाजाची भावोजींनीच आणली.”

“मला वाटलं जुनी बिघडली.”

“जुनी चांगली वाजायची. मीच काढून ठेवली.”

“आणि मला सांगावंसं नाही वाटलं कुणाला?”

“मी म्हटलं होतं सांगू या. भावोजी नको म्हणाले. म्हणाले, दादाला कळलं तर तो सळई पुन्हा हातात धरायचा नाही. राहू दे वहिनी, मी ओरडून बोलत जाईन.”

दादाला धरणीने पोटात घ्यावं असं झालं. दिवसातून दहा वेळा तो ज्यासाठी डाफरायचा, ते हे होतं. आणि त्या दिवशी, डॉक्टरांसमोर, धाकट्याने नुसतं एवढं म्हणायला हवं होतं की याला ऐकू येत नाही. चार शब्द. त्याचं नाव वाचलं असतं. तो किल्ली ठेवून गेला होता.

“दोन गॅरेजांत विचारून आले ते कामासाठी,” बायको हळू बोलत होती, मग आठवण होऊन तिने आवाज चढवला. “दोन्हीकडे डॉक्टरांची गोष्ट आधी पोचली होती. नाही म्हणाले. तुम्ही सांगणार आहात ना डॉक्टरांना?”

“सांगतो गं. आधी काम तर होऊ दे.”

खरं सांगायचं तर त्याने काम फार मन लावून केलं, आणि मन लावण्याचं कारण असं की काम चालू आहे तोवर सांगावं लागत नव्हतं. हवेच्या नळ्या सोडवल्या, वरचा सगळा पसारा उतरवला, डबी काढली. उघडून उजेडात धरली. पडद्याला कडेने अर्धगोल चीर गेली होती. त्याचा हात उगाचच आपल्या कानाकडे गेला. मग नवी डबी, नवी सीलं, साफ केलेल्या नळ्या. आणि शेवटी, कुणी सांगितलं नसताना, प्रत्येक बोल्टवर एक पांढरा ठिपका.

तो ठिपके देत होता तेव्हाच त्याच्या मनात ते आलं. डॉक्टरांना काय कळणार? धूर गेला, गाडी मिळाली, खूश. एक पार्ट खराब निघाला म्हणायचं. धाकट्याला आपण घरी जाऊन समजावू, आपला भाऊच आहे, समजून घेईल. आजवर घेतलंच आहे. हे सगळं त्याला इतकं सोपं वाटलं की क्षणभर बरंही वाटलं, आणि बरं वाटल्याचीच मग जास्त लाज वाटली.

संध्याकाळी डॉक्टर आले. आणि ते आले तेव्हाच धाकटाही आला. कुणी बोलावलं नव्हतं, आपला सॉकेटचा डबा न्यायला आला होता. आत न येता दारापाशीच थांबला.

“काय कानसेन, पकडली का चोरी?” डॉक्टर म्हणाले. मग त्यांना दारातला धाकटा दिसला आणि त्यांचा चेहरा बदलला. “हा परत आला वाटतं? हे बघा दादा, राग मानू नका, पण माझ्या गाडीला याचा हात नको. तुम्ही स्वतः केलंत ना या वेळी?”

“मीच केलं,” दादा म्हणाला.

“झालं तर मग. भावाने घातलेला घोळ तुम्ही निस्तरलात. आपलं काही म्हणणं नाही.”

वाट अशी आयती मोकळी झाली होती. नुसतं गप्प बसायचं होतं. धाकटा खाली वाकून आपला डबा उचलत होता. त्याची पाठ दादाला दिसत होती, आणि त्या पाठीला कशाचीच अपेक्षा नव्हती हे दादाला दिसलं. ते काही त्याला सोसलं नाही.

त्याने भिंतीवरची सळई काढली. आजवर तिला दुसऱ्या कुणाचा हात लागला नव्हता. ती घेऊन तो दारापर्यंत गेला आणि मूठ भावापुढे धरली.

“हे काय?” धाकटा म्हणाला.

दादाने गाडी चालू केली. मग डॉक्टरांकडे वळला आणि मोठ्याने बोलायला लागला. समोरचा पानवाला ऐकतोय हे त्याला दिसत होतं, तरी त्याने आवाज खाली आणला नाही.

“डॉक्टर, तुमचा टर्बो चांगला होता. मी उगाच बदलायला लावला. त्याचा भुर्दंड माझा. याने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की शिट्टी येतेय, सेपरेटर बघू. मी ऐकलं नाही. मला ऐकूच आलं नाही. बारीक आवाज मला येत नाहीत आता. याला ते माहीत होतं आणि मी सगळं याच्यावर ढकललं तरी हा बोलला नाही. याच्या कामात काडीची चूक नव्हती. मी उघडून पाहिलं होतं आणि तेही तुम्हाला सांगितलं नाही. आता ज्याला ज्याला तुम्ही ती गोष्ट सांगितली असेल, त्याला हीसुद्धा सांगा.”

डॉक्टरांनी दादाकडे पाहिलं, मग त्याच्या कानांकडे पाहिलं, आणि पाहिल्याचं ओशाळून नजर बाजूला घेतली. दादाचा चेहरा तापला होता. आता हे असंच होणार, सगळे असेच आधी कानांकडे पाहणार, हे त्याला कळून चुकलं.

“नवी डबी बसवलीय,” तो भावाला म्हणाला. “धूर दिसत नाही, मोजाही ओढला जात नाही. पण शिट्टी थांबली का नाही, ते मला नाही सांगता येत. तू ऐक.”

धाकट्याने डबा खाली ठेवला. सळई घेतली, इंजिनावर वाकला, मूठ कानाला लावली आणि डोळे मिटले. बराच वेळ तो तसाच राहिला. दादा त्याच्या तोंडाकडे बघत उभा होता, आजवर त्याच्या स्वतःसमोर सगळी गिऱ्हाइकं उभी राहत तसा.

मग धाकट्याने डोळे उघडले आणि घसा फुटेल एवढ्या मोठ्याने ओरडला, “थांबली, दादा!”

समोरचा पानवाला वळून बघायला लागला. दादाने मान हलवली. ओरडू नकोस म्हणाला नाही.