गंज पूर्ववत

तपासनिसाने खिळीवरून बोट फिरवले, नाकाशी नेले आणि पुन्हा फिरवले. तेल. गंजाच्या खपलीखाली, चटकन कुणाला दिसू नये अशा बेताने कडेकडेने सोडलेले, ताजे.

एकोणीस वर्षांत पलीकडच्या शहराच्या या खिळीला तेल लागलेले त्याने पाहिले नव्हते. लागायचेही नव्हते. आभाळात तरंगणारी सात शहरे, त्यांचा मिळून एक संघ, आणि शहराशहरांना जोडणारे पूल. प्रत्येक पुलाच्या दोन्ही टोकांना मांडीएवढी जाड खीळ. ती उपसली की पूल सुटतो आणि शहर वाऱ्यावर मोकळे होते. संघ स्थापन करणारे एकमेकांना पुरते ओळखून असावेत. त्यांनी नियमच केला की एका शहराची खीळ दुसऱ्या शहराच्या माणसाने रोज तपासायची. गंजलेली खीळ म्हणजे कुणाचा निघून जायचा विचार नाही. तेल घातलेली म्हणजे आहे.

गंज असला तर वहीत 'गंज पूर्ववत' लिहायचे. तेल असले तर 'तेल'. ते लिहिले की तासाभरात पूल बंद. जो जिथे असेल तो तिथेच. चौथ्या आणि पाचव्या शहरांमधला पूल असा बंद झाला त्याला अकरा वर्षे झाली. चौकशी अजून चालू आहे.

तपासनिसाची मुलगी याच पलीकडच्या शहरात दिलेली होती, खिळीपासून तिसऱ्या गल्लीत. तिला सातवा महिना होता.

त्याने बोट रुमालाला पुसले आणि लिहिले, 'गंज पूर्ववत'. एकोणीस वर्षांतली पहिली खोटी नोंद. अक्षर नेहमीसारखेच आले याचे त्याला नवल वाटले.

परतताना पुलाच्या मध्यावर व्याही भेटले. तेही तपासनीसच, पण त्या शहराचे. रोज सकाळी ते इकडची खीळ बघून परत निघायचे. या रोजच्या भेटीतूनच सोयरीक जुळली होती.

"काय व्याही, आज उशीर?" व्याह्यांनी विचारले.

"गुडघे हो. तुमचं सगळं ठीक?"

"ठीकच म्हणायचं."

काल ते 'एकदम ठीक' म्हणाले होते. आज 'म्हणायचं' का? आणि नजर याच्या रुमालावर का? खीळ त्यांच्या शहराची, तेलही तिथल्याच कुणाचे. त्यांना ठाऊक नसेल असे कसे होईल?

"संघाच्या बैठकीत पाण्याच्या वाटणीचं काय झालं म्हणे?" त्याने खडा टाकून पाहिला.

"ढग सगळ्यांचे, पाणी ज्याचं त्याचं," व्याही म्हणाले आणि नेहमीपेक्षा लांब टांगा टाकत निघून गेले.

दुसऱ्या दिवशी तपासणीआधी तो मुलीकडे गेला. खोलीत अर्धवट केलेला पाळणा पडला होता.

"चार दिवस चल आपल्याकडे. आईला करमत नाही."

"बाबा, आई परवाच येऊन गेली. माझ्या दोन साड्यांना नावं ठेवून गेली. चांगलं करमत होतं तिला."

"तरी चल."

मुलीने हातातले काम खाली ठेवले. "तुम्ही तिकडे ओढताय. हे म्हणतात, बाळ होईपर्यंत पूल ओलांडायचा नाही. मामंजी तर मी दाराशी गेले तरी विचारतात, कुठे निघालीस. मला कुणी काही सांगणार आहे का?"

"जावई कुठे आहेत?"

"दुरुस्ती खात्यात, आणखी कुठे? हल्ली घरात पाऊल टाकलं की आधी साबण लागतो त्यांना."

मोरीत साबणाच्या वडीवर बोटांचे काळे, तेलकट वळ होते. त्याने तिकडे पाहिले, मग मुलीकडे पाहिले, आणि चहा अर्धा ठेवून उठला. जावई नोकरमाणूस. वरून हुकूम आला की करायचे.

पण व्याही तिला तिकडेच का अडवून धरताहेत, हा प्रश्न त्याला पुलावरून येताना टोचत राहिला. ते काय पाहून येतात रोज?

संध्याकाळी त्याने आयुष्यात न केलेली गोष्ट केली. आपल्याच शहराच्या खिळीजवळ जायला तपासनिसाला मनाई असते. तो गेला. चौकीदाराला म्हणाला, "गुडघ्यांना जरा चाल हवी," आणि वाकून खिळीवर बोट फिरवले.

तेल. त्याच्याच कचेरीतल्या पिंपातले. तो वास तो झोपेतही ओळखला असता.

चौकीतल्या वहीत व्याह्यांच्या गोलसर अक्षरात नोंद होती: 'गंज पूर्ववत'. त्याआधीच्या दिवशीही. आणि त्याआधीच्याही.

घरी येऊन तो ओट्याजवळ बराच वेळ उभा राहिला.

"काय शोधताय?" बायकोने विचारले.

"काही नाही."

दुसऱ्या सकाळी ती ओरडली, "अहो, मिठाची बरणी निम्मी कशी झाली?" तोवर तो दाराबाहेर पडला होता. खिशात गंज आणणाऱ्या मिठाच्या पाण्याची बाटली होती आणि एक जुने फडके. खिळीला बोटाखेरीज काही लावायचे नाही, असा नियम होता.

पंधरा दिवस असेच गेले. पुलाच्या मध्यावर दोघे थांबत, गुडघ्यांची चौकशी करत, एकमेकांचे खिसे बघत आणि चालू लागत. सोळाव्या दिवशी व्याह्यांच्या बाहीच्या काठावर त्याला पांढरा, वाळलेला डाग दिसला. व्याह्यांनी बाही दुमडून घेतली.

"आमच्याकडे हल्ली भाजी अळणी होते," तपासनीस पुलाच्या कठड्याकडे बघत म्हणाला.

व्याही म्हणाले, "आमच्याकडेही. विहीणबाई तुमच्या घरात काय बोलतात?"

"चोर घरातलाच आहे म्हणते."

"आमच्या हिचंही तेच मत."

दोघांपैकी कुणी हसले नाही. व्याह्यांनी नमस्कार केला आणि ते आपल्या वाटेने गेले.

पलीकडे खिळीवर पुन्हा ताजे तेल होते. तपासनीस कठड्याला धरून, एकेक गुडघा टेकत खाली बसला. तिसऱ्या गल्लीतून पाळण्यावर हातोडी पडल्याचा आवाज येत होता. जावई रात्रपाळीवरून आले की रोज थोडा पाळणा ठोकत. ते हात त्याच्या डोळ्यांसमोर आले. त्याने फडक्याने तेल नीट, कानाकोपऱ्यातून पुसले आणि बाटलीचे बूच काढले.