कुंपणाच्या आतलं पातं

निवृत्ती तोंडावर आली होती आणि वनस्पतिशास्त्राच्या बाईंच्या जिवाला एकच घोर लागला होता. विद्यापीठामागच्या टेकडीवर, तारेच्या कुंपणाआड, निळ्या फुलाचा एक कंद उगवायचा. दुसरीकडे कुठे तो कुणाला सापडला नव्हता. विद्यार्थिनी असताना त्या पहिल्यांदा त्याच्यापाशी ओणवल्या, पुढे त्याच्यावरच प्रबंध लिहिला, त्याच्याच पायी केस पांढरे केले. पण हल्ली काही वर्षं त्यानं तोंडच दाखवलं नव्हतं.

आज मातीतून हिरवी पाती डोकावत होती. सुईएवढी, एकेकटी.

"आली का तुझी लेकरं?" कुंपणाबाहेर दगडावर बसलेले यजमान ओरडले. बाईंचे गुडघे धरल्यापासून गाडी तेच चालवत. "मग आता माझी या टेकडीच्या खेपांतून सुट्टी झाली म्हणायची!"

"हळू बोला हो," बाई म्हणाल्या. देवाचं नाव घ्यायला ओठ उघडले आणि तसेच राहिले.

पाती फार होती. कंद असा सांडल्यासारखा उगवत नाही.

त्यांनी जवळच्या पात्याखालची माती चिमटीनं बाजूला केली. खाली कंद नव्हता. पीळ घातलेलं तपकिरी कुसळ होतं. रस्त्याकडेचं कुसळी गवत. ते एकदा शिरलं की दुसऱ्या कुणाला जगू देत नाही. आत येताना जोडे ब्रशनं झाडायचा नियम बाईंनीच घातला होता, आणि एकदाही मोडला नव्हता. मग हे आलं कुठून?

त्यांनी गुडघ्यांखालची उशी उलटली. कापडात कुसळं ओळीनं रुतली होती. याच उशीवर टेकून त्या अभ्यासासाठी रस्त्याकडेचं गवत मोजत, आणि याच उशीवर टेकून इथे कंद शोधत. जिथे जिथे टेकल्या, तिथे तिथे पेरत गेल्या.

"अगं, काय झालं? पांढरीफटक पडलीस."

बाईंनी उशी तारेबाहेर भिरकावली आणि उघड्या मातीवर गुडघे टेकले. दुसरं पातं, कुसळ. त्यापुढचं, तेच. मग एकाखाली काहीतरी पांढरं लागलं. शेंगदाण्याएवढा कंद. जिवंत. पण शेजारच्या गवताच्या मुळांनी त्याला चहूबाजूंनी आवळलं होतं. गवत ओढलं की कंदही हलत होता.

एकटीनं जमणारं काम नव्हतं.

"अहो, या. चपला तिथेच काढा. आणि विजारीच्या घड्या झटका. नीट झटका."

ते अनवाणी आले, शेजारी बसले, बाईंनी दाखवलं तसा कंद दोन बोटांत धरला. बाई एकेक मूळ सोडवू लागल्या.

"सुटेल का गं?"

"बोलू नका. तुमचा हात हलतोय."

"माझा नाही, तुझा हलतोय," ते हलकेच म्हणाले.

बाईंनी श्वास रोखून पुढचं मूळ चिमटीत धरलं.